जंगलात लपलेल्या माणसाची थरारकथा पहिल्यांदाच लिहिताय? मग इथून सुरुवात करा

दिवाळी अंकांचे दिवस जवळ आले की कोणीतरी नवीन लिहिणारं विचारतंच, की ताई मला सह्याद्रीच्या जंगलात लपलेल्या माणसाची सस्पेन्स गोष्ट लिहायचीय, पहिली दोन पानं मस्त झालीत, माणूस पळाला, जंगलात शिरला, आता पुढे काय करू? बहुतेकांची गाडी इथेच अडते, कारण पळणं लिहायला सोपं आणि लपणं अवघड. मी अशा गोष्टी लिहिल्यात, त्या छापून आल्यात, आणि त्यासाठी काय काय शोधावं लागतं, कुठे विचारावं लागतं, कुठे घोटाळा होतो हे सगळं माहीत झालंय म्हणून एका जागी लिहून ठेवतेय.

माझं मुख्य म्हणणं आधीच सांगते. लपलेला माणूस सापडतो तो पाण्यापाशी, धुरापाशी, नाहीतर भाकरी आणून देणाऱ्या माणसापाशी. जुन्या खऱ्या घटना काढून बघा, बहुतेक वेळा तेच दिसेल. त्यामुळे तुमचा सगळा सस्पेन्स या तीन ठिकाणी आहे, बंदुका आणि पाठलाग नंतर बघू.

१. साल, दिवस आणि माणूस आधी ठरवा

सगळ्यात आधी साल. गोष्ट आजची असेल तर तुमच्या माणसाच्या खिशात मोबाइल आहे. तो बंद केला तरी शेवटचा कुठल्या टॉवरला होता ते कळतं, पोलीस सीडीआर काढतात म्हणजे महिनाभर कोणाकोणाशी बोलला ते बाहेर येतं, टोलनाक्यावर कॅमेरे, एटीएममध्ये कॅमेरा. हे सगळं पहिल्या पाच पानांत निस्तरावं लागेल, नाहीतर वाचणारा पहिल्याच पानावर म्हणणार की अहो फोनचं काय? निस्तरायचं नसेल तर सरळ मागे जा. आणीबाणीचा काळ आहे, १९४२ ची भूमिगत चळवळ आहे, वासुदेव बळवंत फडक्यांचं १८७९ आहे, जागा भरपूर.

मग दिवस किती. तीन दिवसांची गोष्ट असेल तर ती पाण्याची आणि भीतीची गोष्ट होते, भुकेची नाही. भूक फार हळू मारते, गांधीजींनी १९४३ साली पुण्यात आगाखान पॅलेसमध्ये २१ दिवस उपास केला होता. दुसऱ्याच दिवशी तुमचा हिरो भुकेने चक्कर येऊन पडला तर ते खोटं वाटतं, तहानेने पडला तर पटतं. तीन आठवडे लपायचं असेल तर मग पाय, पोट, ताप, दात असलं सगळं येतं.

आणि माणूस कोण? त्याचा धंदा काय होता हे ठरवल्याशिवाय पुढे जाऊ नका. शोइची योकोई नावाचा जपानी सैनिक दुसऱ्या महायुद्धात, १९४४ पासून, ग्वाम बेटावर जवळपास २८ वर्षं लपून राहिला. सैन्यात जायच्या आधी तो शिंपी होता, आणि जंगलात त्याने झाडाच्या सालीचे धागे काढून, विणून, स्वतःचे कपडे शिवले. बघा, शिंपी असणं किती कामाला आलं! तुमचा माणूस गवंडी असेल, ड्रायव्हर असेल, ऊसतोडीचा मजूर असेल, तालुक्याच्या दवाखान्यातला कंपाउंडर असेल, तर प्रत्येकजण त्याच जंगलात वेगळं काहीतरी करेल. कोणीही नसलेला "तरुण" तेवढा घेऊ नका.

२. जागा एकच घ्या, ऋतू एकच घ्या

"घनदाट जंगल" ही काही जागा नाही. वासोट्याच्या मागची दरी घ्या, भीमाशंकरच्या खालची कोकणात उतरणारी नाळ, म्हणजे डोंगरातली अरुंद वाट, घ्या, आंबोलीचा कडा घ्या, पण एक घ्या आणि तीच धरून बसा. माझी स्वतःची आवडती जागा म्हणजे कोयना-चांदोलीचा पट्टा. २०१० मध्ये या दोन्ही जंगलांचा मिळून सह्याद्री व्याघ्र प्रकल्प झाला. तिथे धरणामुळे आणि अभयारण्यामुळे उठवलेल्या गावांच्या जागा आहेत, घराची जोती, मोडकं तुळशीवृंदावन, ओळीने लावलेले जुने आंबे, आणि माणूस कोणी नाही. लपणाऱ्याला यापेक्षा चांगलं काय मिळणार, आणि लिहिणाऱ्यालाही.

ऋतूचं तर फारच महत्त्वाचं आहे, कारण लपण्याचे नियमच बदलतात.

पावसाळ्यात पाणी जिकडेतिकडे, धुकं असतं म्हणून धूर दिसत नाही, पावसाच्या आवाजात पावलं ऐकू येत नाहीत, कारवीची झुडपं डोक्याच्या वर गेलेली असतात म्हणजे दोन हातांवरचा माणूस दिसत नाही. पण सुकं लाकूड नाही, काडेपेटी भिजते, बोटांच्या बेचक्यात चिखल्या होतात आणि चार दिवसांनी पाय टेकवत नाही, ओढे फुगले की आहे त्या बाजूला अडकून पडायचं. शिवाय जळवा. जळू सुटून पडल्यावरही जखमेतून रक्त बराच वेळ वाहत राहतं, तेव्हा जंगलातून आलेल्या माणसाच्या पायजम्यावर घोट्याशी लाल डाग हवेत. असा माणूस एसटी स्टँडवर उभा राहिला की कोणालाही कळतं हा कुठून आला, अर्थात बघणाऱ्याला जंगल माहीत असेल तर.

हिवाळ्यात गवत उंच आणि त्यावर दव. पहाटे दवातून चाललं की मागे गडद पट्टा उमटतो, ऊन वर येईपर्यंत तो स्पष्ट दिसतो. आणि धूर! थंडीत सकाळी धूर वर जात नाही, दरीत आडवा पसरून राहतो, समोरच्या डोंगराच्या सोंडेवर उभ्या असलेल्या माणसाला बरोबर दिसतो.

उन्हाळ्यात करवंदं, तोरणं, जांभळं, रायवळ आंबे असतात पण पाणी मोजक्याच जागी उरतं, आणि पानझडीच्या रानात वाळलेल्या पाचोळ्यावरून आवाज न करता चालणं होतच नाही. मांजरासारखा चालला वगैरे मे महिन्यात लिहू नका. वणवेही याच दिवसांत लागतात, कोणी पाठलाग करत नसतानाही माणसाला लपलेल्या जागेतून बाहेर काढायला एक वणवा पुरतो.

३. जवळ काय काय लागेल

- त्या भागाचं टोपोशीट, म्हणजे जमिनीचे चढउतार दाखवणारा नकाशा, सर्व्हे ऑफ इंडियाचं १:५०,००० चं. त्यात दोन सेंटीमीटर म्हणजे एक किलोमीटर आणि दोन काँटूर रेषांमध्ये (सारख्या उंचीच्या जागा जोडणाऱ्या रेषा) सहसा २० मीटर उंची. रेषा एकमेकींना चिकटल्या की तिथे कडा आहे हे पक्कं.
- तिथी दाखवणारी दिनदर्शिका, गोष्टीतल्या वर्षाची. जुन्या वर्षाची तिथी ऑनलाइन पंचांगात मिळते.
- एक वही, शक्यतो जाड पुठ्ठ्याची, आणि पेन्सिल. पावसात पेन चालत नाही.
- जंगलात जायचं असेल तर ओळखपत्र आणि वनखात्याची परवानगी. वासोट्याला जायला बामणोलीहून शिवसागर जलाशयातून लाँच घ्यावी लागते, परवानगी काढावी लागते, मुक्काम करू देत नाहीत आणि पावसाळ्यात बंद असतं. "रिसर्चसाठी गुपचूप राहिलो" असले उद्योग करू नका.
- ओळखीचा स्थानिक वाटाड्या, आणि त्याला त्याची पूर्ण मजुरी.
- मोबाइल, आवाज रेकॉर्ड करण्यापुरता.

एकट्याने जाऊ नका. आणि गोष्टीत लिहिलंय म्हणून रानातलं काहीही तोडून खाऊन बघू नका, पुढे येतंच ते.

४. नकाशावर चालून बघा

ट्रेकर लोकांचा ढोबळ हिशोब असा की सपाटीला तासाला पाच किलोमीटर आणि वर प्रत्येक ६०० मीटर चढाईला एक तास जास्तीचा. हा हिशोब दिवसाउजेडी, वाटेवरून, धडधाकट माणसाचा आहे. रात्री, वाट सोडून, कारवीतून, घाबरलेला माणूस याच्या पाव वेगानेही जात नाही असं धरा. तुमच्या गोष्टीत तो रात्री दहाला पाटणजवळून निघाला आणि पहाटे चारला चिपळूणला पोचला तर जाणकार वाचक तिथेच पान मिटणार. टोपोशीटवर दोऱ्याने अंतर मोजा, काँटूर मोजा, आणि गोष्टीचं एक टाइमटेबल वहीत लिहून ठेवा, तारीख, वेळ, तिथी, कुठे आहे, शेवटचं पाणी कधी प्यायला. हे टाइमटेबल गोष्टीत दिसणार नाही पण गोष्ट त्यावरच उभी राहील.

जागांची नावं स्थानिक वापरा. नाळ, घळ, खिंड, सोंड, माची, सडा म्हणजे उघडं कातळी पठार, कातळातलं टाकं. "व्हॅली" आणि "क्लिफ" शहरातल्या पात्राच्या तोंडी शोभतं, धनगराच्या नाही.

५. पाणवठा, इथे सावकाश लिहा

योकोई १९७२ च्या जानेवारीत कसा सापडला माहितीये? तो नदीवर आला होता, आणि तिथले दोन स्थानिक लोक कोळंबीचे सापळे बघायला तिथेच आले होते. जवळपास २८ वर्षं लपून राहिलेला माणूस, आणि शेवटी नदीच्या काठावर दोन साध्या माणसांच्या हाती लागला, कुठली मोहीम नाही, हेलिकॉप्टर नाही.

पाणवठा म्हणजे काय ते समजून घ्यायचं असेल तर बुद्धपौर्णिमेला मचाणावर बसा. ताडोबा, मेळघाट अशा ठिकाणी वनखातं निसर्गप्रेमींना त्या रात्री पाणवठ्याशेजारच्या मचाणावर बसू देतं, आधी नोंदणी करावी लागते. तिथे भेकर, म्हणजे छोटं हरीण, पाण्यावर कसं येतं ते बघा. आधी झाडीच्या कडेला येऊन नुसतं उभं राहतं. कान हलतात. एक पाऊल टाकतं, पुन्हा थांबतं. पाण्यापर्यंत पोचलं तरी तोंड लावायच्या आधी परत एकदा मागे वळून बघतं, आणि वारा फिरला की न पिताच उडी मारून नाहीसं होतं, तहान तशीच. सगळं बघताना आपलाच श्वास अडकतो. तुमच्या माणसाला याच पद्धतीने पाण्यावर आणा, दोन पानं घ्या हवी तर. त्याला तहान लागलीय, पाणी वीस पावलांवर दिसतंय, आणि चिखलात एक बुटाचा ठसा आहे ज्याच्यात अजून पाणी झिरपतंय. एवढं पुरे.

सगळ्यांना पाणी लागतं हे लक्षात ठेवा. गुराख्याला, गव्याला, फॉरेस्ट गार्डला, मध काढणाऱ्यांना. त्यामुळे पाणवठ्यावर कोण कधी येतं याचं वेळापत्रक तुमच्या माणसाला हळूहळू पाठ होत जातं, आणि ज्या दिवशी ते वेळापत्रक मोडतं त्या दिवशी वाचणारा सावरून बसतो.

६. खाणं, मीठ, धूर

रानात खायला भरपूर असतं हा शहरी समज आहे. असतं, पण माहितगारालाच. कडूकंद तसाच खाल्ला तर विषबाधा होते, त्याच्या चकत्या करून, राखेसोबत शिजवून, वाहत्या पाण्यात ठेवून कडूपणा काढावा लागतो, आणि कातकरी-ठाकर बायकांना हे पिढ्यानपिढ्या येतं. शेवळाची भाजी नीट केली नाही तर घसा खाजून जीव नको होतो. म्हणजे तुमच्या माणसाला कंद ओळखता आला तरी तो शिजवायला भांडं, विस्तव, पाणी आणि वेळ हवा, आणि विस्तव म्हटला की धूर आला. ही साखळीच गोष्ट पुढे ढकलते, तुम्ही मुद्दाम काही घुसवायची गरज पडत नाही.

मीठ विसरू नका. सैबेरियात लिकोव्ह नावाचं कुटुंब धर्माच्या छळाला घाबरून १९३६ मध्ये तैगा जंगलात गेलं आणि १९७८ पर्यंत माणसांपासून लांब राहिलं. हेलिकॉप्टरमधून खाली बघताना डोंगरउतारावर शेताचे तुकडे दिसले म्हणून त्यांचा पत्ता लागला, आणि तिथे गेलेल्या भूगर्भशास्त्रज्ञांनी पुढे केलेल्या भेटवस्तूंपैकी त्यांनी आधी घेतलं ते मीठ. इतकी वर्षं मिठावाचून काढली होती. तुमचा माणूस गावाच्या कडेला येण्याचा धोका पत्करतो तो मूठभर मिठासाठी, असं लिहिलंत तर ते मला सोन्याच्या हंड्यापेक्षा जास्त खरं वाटेल.

७. भाकरी आणून देणारा माणूस

गोष्टीचं काळीज इथे आहे आणि नवीन लिहिणारे नेमके इथेच दोन ओळीत पळतात, "गावातला एकजण त्याला गुपचूप जेवण आणून द्यायचा" आणि झालं.

थांबा ना तिथे. घरात माणसं दोन आणि भाकऱ्या थापल्या जातायत सहा, शेजारणीला भिंतीपलीकडून थापण्याचा आवाज ऐकू जातो, ती मोजत नाही पण तिला कळतं. नाचणीचं पीठ महिनाअखेरीच्या आधी संपतं. पोरगं शाळेत बोलून जातं की आमचा बाबा रोज रात्री शेतावर जातो. नवऱ्याच्या अंगाला कारवीच्या फुलोऱ्याचा चिकटा येतो आणि त्यांचं शेत तर ओढ्याच्या खाली, जिथे कारवी नाहीच. फडक्यात दोन भाकऱ्या, खर्डा, कांदा एवढंच असतं, पण त्या फडक्यामागे एका अख्ख्या घराची झोप उडालेली असते. लपलेल्या माणसाला फक्त स्वतःची भीती असते, या घराला त्याचीही असते आणि स्वतःचीही.

इतिहासात बघा. तात्या टोपे वर्षभर इंग्रजांना मध्य हिंदुस्थानात पळवत राहिले आणि १८५९ च्या एप्रिलमध्ये पाडोणच्या जंगलात पकडले गेले ते मानसिंग या साथीदाराने दगा दिला म्हणून, १८ एप्रिलला शिवपुरीत फाशी. उमाजी नाईकांवर सरकारने मोठं बक्षीस लावलं होतं, १८३१ च्या डिसेंबरात ते पकडले गेले आणि ३ फेब्रुवारी १८३२ ला पुण्यात त्यांना फाशी दिली. वासुदेव बळवंत फडक्यांना २० जुलै १८७९ ला देवर नावदगीला पकडलं तेव्हा ते आजारी, दमलेले, झोपेत होते. आणि याच्या उलट क्रांतिसिंह नाना पाटील १९४६ पर्यंत भूमिगत राहिले आणि इंग्रजांच्या हाती लागले नाहीत, कारण सातारा-सांगलीकडची गावंच्या गावं पाठीशी होती. जंगल तर सगळ्यांनाच मिळालं होतं, फरक माणसांनी पाडला.

एक गोष्ट मनापासून सांगते. गवळी धनगर, कातकरी, महादेव कोळी पात्रं आणताना त्यांना नुसतं "माग काढणारा" किंवा "भोळा मदतनीस" करू नका. त्याला काय हवंय? जमिनीचा दावा चालूये का, पोरीचं लग्न ठरलंय का, फॉरेस्टवाल्यांनी मागच्या वर्षी गुरं अडवली होती का? तो मदत का करतोय हे त्याच्या बाजूने पटलं पाहिजे, आणि मदत थांबवली तर तेही पटलं पाहिजे.

८. रात्र आणि आवाज

चंद्राचा घोळ जवळजवळ प्रत्येक नवीन कथेत असतो. अमावास्येच्या आदल्या रात्री "चांदणं पसरलं होतं" असं येतं. साधा नियम, पौर्णिमेला चंद्र सूर्यास्ताच्या सुमारास उगवतो, मग रोज साधारण पाऊण-एक तास उशीर. संकष्टीला उपास सोडायला नऊ-साडेनऊ होतात ते त्यामुळेच, आणि वद्य अष्टमीला चंद्र मध्यरात्रीच्या आसपास वर येतो. म्हणजे वद्य अष्टमी घेतलीत तर तुमच्या माणसाकडे सूर्यास्तापासून मध्यरात्रीपर्यंत काळोखाचे काही तास आहेत आणि त्यात त्याला सडा ओलांडायचाय. आपोआप घड्याळ लागलं की नाही गोष्टीला!

आवाजात टिटवी वापरा. उघड्या माळावर रात्री कोणी चाललं की टिटवी ओरडत उठते, माणूस असो की कोल्हा. दिवसा वानरं खोकतात, भेकर भुंकतं. लपलेल्याला ते ऐकून कळतं की काहीतरी हलतंय, पण बिबट्या की पोलीस ते कळत नाही.

९. बिबट्या, साप आणि बाकी सापळे

बिबट्या प्रत्येक पानावर नको. तो धडधाकट माणसाला सहसा टाळतो, वाटेवरचे ठसे आणि झाडावरचे ओरखडे दाखवले तरी पुरतं. अचानक समोर आलेलं अस्वल किंवा बिथरलेला गवा जास्त धोक्याचा. आग्या मोहोळाखाली विस्तव पेटवला तर काय होतं ते गडांवर जाणाऱ्या कोणालाही विचारा.

साप चावला की जखम कापून रक्त चोखून काढलं, असा प्रसंग कृपा करून लिहू नका. तो चुकीचा आहे आणि कोणीतरी वाचून खरंच करतं. उपाय एकच, दवाखाना आणि प्रतिसर्पविष, आणि लपलेल्या माणसाला नेमकं तेच मिळत नाही, तुमचा प्रसंग तिथे आहे. साप कोणता तेही ठरवा. घोणस कुकरच्या शिट्टीसारखी फुत्कारते, आधी इशारा मिळतो. मण्यार रात्री जमिनीवर झोपलेल्याला चावते आणि दुखतही नाही फारसं, सकाळी पापण्या जड व्हायला लागतात. दोन सापांच्या दोन वेगळ्या गोष्टी झाल्या.

शोधणारा माणूसही नीट उभा करा. एलसीबीचा, म्हणजे जिल्ह्याच्या गुन्हे शाखेचा हवालदार, खबऱ्या, पोलीस पाटील, वनरक्षक यांची कामं वेगळी, हद्दी वेगळ्या. शोधणाऱ्यालाही थंडी वाजते, त्यालाही सुट्टी हवी असते. तो मूर्ख असेल तर सस्पेन्स मेला.

१०. आता लिहायला बसा

सुरुवात लपल्यानंतरच्या चौथ्या-पाचव्या दिवसापासून करून बघा, पळण्याचं कारण मागाहून थोडं थोडं येऊ द्या. एका प्रसंगात एकच धोका. आणि जागा बदलायला लावणारं कारण दर वेळी वेगळं, एकदा पाणी, एकदा ताप, एकदा माणूस.

लांबच्या काळाची गोष्ट असेल तर त्याचा विश्वास कशावर आहे ते लिहा. हिरू ओनोदा फिलिपिन्सच्या लुबांग बेटावर १९७४ पर्यंत लढत राहिला, युद्ध संपल्याची पत्रकं त्याच्यापर्यंत पोचली होती पण त्याला ती शत्रूची चाल वाटली, शेवटी त्याचा जुना वरिष्ठ अधिकारी स्वतः तिथे जाऊन हुकूम वाचून दाखवेपर्यंत तो शरण आला नाही. बेट आणि जंगल बाजूला ठेवा, त्या माणसाचं डोकं हीच खरी लपायची जागा होती.

११. पाठवताना

दिवाळी अंकांची जुळवाजुळव उन्हाळ्यातच सुरू होते, जून-जुलैपर्यंत कथा हातात असलेली बरी. फाइल युनिकोडमध्ये, शब्दमर्यादा आधी विचारून घ्या, पहिल्या पानावर नाव-पत्ता-फोन. त्या भागातल्या एका माणसाला आधी वाचायला द्या, झाडांची आणि वाटांची नावं तो बरोबर पकडतो. खऱ्या गावातल्या खऱ्या घराचा पत्ता लागेल असं काही त्यात राहिलंय का ते बघा, असेल तर गावाचं नाव बदला. सप्टेंबरपर्यंत उत्तर आलं नाही तर एक फोन करा, आणि तीच कथा दुसरीकडे द्यायची असेल तर पहिल्या संपादकांना कळवून मगच द्या.